दाखल्यावरचं नाव

गुरुजी, तुम्ही गेलात तेव्हा जेवढ्या वयाचे होतात, तेवढी आता मी झाले आहे. बदलापूर गावातलं तुमचं घर पाडून तिथे इमारत उभी राहिली आहे. तुमच्या घरची माणसं कुठे गेली ते मला ठाऊक नाही. तेव्हा हे पत्र कुणाच्या पत्त्यावर घालायचं हा प्रश्नच नाही. तरी लिहिते आहे, कारण एक गोष्ट फक्त तुम्हाला आणि मला ठाऊक होती. तुमच्यामागे ती सांभाळायला मी एकटीच उरले, आणि आता ती एकटीला पेलत नाही.

मी अंबरनाथला नगरपालिकेत जन्माच्या नोंदी करते. काचेला एक भोक आहे, त्यातून लोक फॉर्म सरकवतात आणि मी बाळांची नावं कॉम्प्युटरवर चढवते. तुम्हाला हे काम फार आवडलं असतं. परवा उल्हासनगरचे एक सिंधी आजोबा नातीची नोंद करायला आले होते. मी सहज त्यांच्या आडनावाचं विचारलं. ते भोकाशी वाकून म्हणाले, "मॅडम, हमारे में आखिर में 'आणी' लगता है ना, उसके आगे किसी पुराने दादा का नाम होता है. सिंध छूट गया, लेकिन दादा साथ में आ गया." मग हसून त्यांनी विचारलं, "आपका सरनेम किस गाव से है?" मी नवऱ्याचं गाव सांगितलं. 'कर' लावलं की गाव सांगावंच लागतं. त्या गावात मी उभ्या आयुष्यात दोनदा गेले आहे.

त्या दिवशी घरी जाताना मला तुमची हजेरी आठवली. बारवी धरणाच्या पलीकडची आमची वाडी, समाजमंदिराच्या पडवीत भरणारी शाळा, आणि तुम्ही बदलापूरहून सायकल हाणत येणार. तुमची हजेरी कधीच लवकर संपत नसे. एखादं नाव घेऊन तुम्ही थांबता, आणि ते कुठून आलं असेल ते सांगत बसता. हे आडनाव कामावरून पडलं, हे जनावरावरून, हे एखाद्या खोडीवरून. बाकीचे गुरुजी आमच्या ठाकर आदिवासींच्या आडनावांना हसायचे. तुम्ही मात्र त्यांची एक वेगळी वही केली होती. माझं आडनाव निरगुडा. एकदा तुम्ही आम्हाला ओढ्यावर नेलंत, निरगुडीचा पाला खुडलात, तळहातावर चुरगाळून माझ्या नाकाशी धरलात आणि म्हणालात, "घे वास. हे तुझं आडनाव. निदान मला तरी असं वाटतं, खात्री नाही." तो कडवट उग्र वास हाताला संध्याकाळपर्यंत होता. आईनं चुलीपुढून विचारलं, "कुनाचे पायाला सूज आली?" आमच्याकडे निरगुडीचा उपयोग तेवढाच माहीत होता.

वाडीत पाळण्यातली नावं शोधत बसायची रीत नव्हती. सोमवारी जन्मली ती सोमी, मंगळवारची मंगळी, शुक्रवारची शुकरी. मी बुधवारची, म्हणून बुधी. पण माझ्या नावाला आणखी एक कारण होतं आणि ते मला तुमच्याकडून कळलं. माझी आजीही बुधीच. ती सुईण होती. आसपासच्या सगळ्या पाड्यांवरची बाळंतपणं तिच्या हातची. तुमच्या पत्नी अडल्या तेव्हा कुणीतरी तिला बदलापुरात बोलावून नेलं होतं, आणि तुमची थोरली मुलगी तिच्या हातावर जन्मली. हजेरी घेताना माझ्या नावापाशी तुम्ही हटकून म्हणायचात, "या नावाची एक मोठी बाई होऊन गेली. बघ, जमतंय का तुला." माझी मान ताठ व्हायची. दरवर्षी पाऊस लागायच्या आधी आई जंगलातून शेवळांची रानभाजी आणायची आणि पहिली जुडी तुमच्या सायकलला बांधायची.

मग चौथीला तुम्ही मला स्कॉलरशिपच्या परीक्षेला बदलापूरला नेलंत. वर्गात बाई नावं वाचत होत्या. माझं नाव आलं तेव्हा त्या थांबल्या, चष्मा वर करून त्यांनी पुन्हा वाचलं आणि विचारलं, "हे पूर्ण नाव आहे का गं?" मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "बुढ्ढी आली, बुढ्ढी." सगळा वर्ग हसला. बाईसुद्धा हसल्या, पण तोंडावर हात ठेवून. पेपरात काय लिहिलं ते मला आज आठवत नाही. बाहेर आल्यावर तुम्ही भेळ घेऊन दिलीत, ती मी खाल्ली नाही.

चौथीचा दाखला लिहायची वेळ आली. मला बदलापूरला हायस्कुलात घालायचं तुम्ही ठरवलं होतं. मी तुमच्यापुढे जाऊन उभी राहिले आणि म्हणाले, "गुरुजी, दाखल्यावर माझं दुसरं नाव घाला." तुम्ही आधी हसलात. मी पुन्हा तेच म्हटल्यावर मात्र रागावलात. मला तुम्ही एरवी कधी बोलला नव्हतात. "लाज वाटते तुला? ज्या बाईच्या हातावर माझी लेक जन्मली, तिचं नाव मी माझ्या हातानं खोडू? बुध हा आकाशातला ग्रह आहे. हसणाऱ्यांना अक्कल नाही, म्हणून तू का लपायचं?" मी पुढचे चार दिवस शाळेत आले नाही. पाचव्या दिवशी तुम्ही घरी आलात. आई रानात गेली होती. मी अंगणात बसून राहिले, वर बघितलं नाही. सायकल कुडाला टेकवून तुम्ही विचारलंत, "कोणतं नाव हवंय?" मी म्हटलं, "वसुधा." वाचनाच्या पुस्तकात होतं ते. "वसुधा म्हणजे पृथ्वी," तुम्ही म्हणालात, "नाव चांगलं आहे. पण आईला काय सांगशील?" "सांगेन मी," असं मी म्हटलं.

मी आईला सांगितलं, की गुरुजींनी माझं नाव बदललं.

दुसऱ्या दिवशी ती तशीच, कमरेला कोयता खोचलेली, शाळेवर आली. मी खांबाआड उभी होते. ती तुम्हाला म्हणाली, "गुरुजी, माझे सासूनं तुझी पोर काढली. रातभर तुझे बायकोपाशी बसली. तिचा नाव पुसताना तुझा हात नाय थरथरला?" तुम्ही खुर्चीतून उठलात. एकदा माझ्याकडे बघितलंत. त्या बघण्यात राग नव्हता, तुम्ही वाट बघत होतात. मी बोलेन म्हणून थांबला होतात. मी पायाच्या अंगठ्यानं जमीन उकरत राहिले. मग तुम्ही आईला हात जोडलेत आणि म्हणालात, "चुकलं माझं, बाई." एवढंच. आई थुंकली आणि निघून गेली.

त्या वर्षापासून तुमच्या सायकलला शेवळांची जुडी लागली नाही. तुम्ही वाडीत कुठे समोर आलात तर आई वाट बदलायची. माझ्या हायस्कुलाच्या पहिल्या दिवशी तुम्ही फाटकापाशी शब्दकोश घेऊन उभे होतात. पहिलं पान कोरं होतं. "नाव तू घाल," म्हणालात. मला वाटलं होतं की तुम्ही त्या गोष्टीचं काही बोलाल. तुम्ही फक्त विचारलंत, डबा आणलास का. तो शब्दकोश माझ्या कपाटात आहे, पहिलं पान अजून तसंच आहे.

तुम्ही गेल्याचं मला उल्हासनगरला कॉलेजात असताना कळलं, तेही तेरावा होऊन गेल्यावर. त्या रविवारी वाडीत जाऊन मी आईला सांगितलं. ती भाकरी थापत होती. थापता थापता म्हणाली, "मानूस वाईट नव्हता. पण त्यानं तो नाव पुसाया नको होता." सांगायची ती वेळ होती. चूल पेटलेली होती, दुसरं कुणी नव्हतं, आणि तुमच्यावरचा ठपका त्यानं पुसला गेला असता. मी म्हटलं, "भाकर करपतेय."

नंतर ती आणखी बरीच वर्षं जगली. तिनं मला आयुष्यात एकदाही वसुधा म्हटलं नाही. माझ्या लग्नात भटजींनी तेच नाव घेतलं तेव्हा ती शेजारणीला विचारत होती, "ही कोन?" शेवटी तिला दवाखान्यात ठेवलं होतं. मी औषधं आणायला खाली गेले होते. वर आले तर नर्स म्हणाली, "आजी मघापासून कुणा बुधीला बोलवतायत. तुमच्यात आहे का कुणी? मी बाहेर दोनदा विचारून आले." मी धावत आत गेले. आईचे डोळे मिटलेले होते. ते पुन्हा उघडले नाहीत. नर्सनं कागद पुढे केला, त्यावर मी सही केली. मयताशी नातं, मुलगी. नाव, वसुधा.

आता मला नावानं हाक मारणारं कुणी नाही, गुरुजी. नवरा जाऊन सहा वर्षं झाली. मुलगी बंगळूरला असते, तिला मी आई. ऑफिसात मॅडम. सोसायटीत दोनशे दोनवाल्या काकू. दिवसभरात मी वीस-पंचवीस नावं लिहिते, पुन्हा पुन्हा तपासते, एक काना चुकू देत नाही. लोक म्हणतात, मॅडम फार काळजीनं काम करतात. मुलीलाही मी कधी सांगितलं नाही की तिच्या आईला दुसरं नाव होतं, आणि ते आईनं स्वतःच टाकलं.

हे सगळं आत्ताच का लिहायला बसले, तेही सांगून टाकते. गेल्या महिन्यात शिवमंदिराच्या रस्त्यानं ऑफिसातल्या एका बाईंबरोबर पायी येत होते. मागून कुणी बाईनं हाक मारली, "बुधे. ए बुधे." आमच्या वाडीसारखाच हेल होता. आमच्याकडची कुणी असेल, किंवा भलत्याच बुधीला मारलेली हाक असेल. सोबतच्या बाई कसल्याशा भिशीचं सांगत होत्या. दुसरी हाक आली तेव्हा माझी पावलं आपोआप मंद झाली. पण मी वळून बघितलं नाही. हो हो म्हणत चालत राहिले. आमच्या घराला तो रस्ता लांबचा पडतो. तरी त्या दिवसापासून मी रोज तिथूनच घरी येते, एकटीच, आणि हळू चालते.