जगन ऑनलाइन आहे

सोमवार, १७ नोव्हेंबर, पुसेगाव

पोचले बाई एकदाची! हरीश सकाळपासून असा तोंड पाडून बसला होता, जणू मी सासरीच निघाले. आई-बाबा गेल्यापासून आम्ही बहीण-भाऊ दोघंच, तेव्हा त्याचं तोंड पडणारच. पण कळमनुरीहून पुसेगाव म्हणजे काही काशी नव्हे. दुपारच्या आत आले, उपकेंद्रात रुजू झाले, आणि पहिल्याच आजोबांचा बीपी घेताना पट्टा उलटा बांधला. आजोबा म्हणाले, नवीन हाय व्हय बाई? म्हटलं, व्हय, बराबर ओळखलं.

खोली लई मस्त मिळाली. घरमालकीण पार्वतीबाई, साठीच्या, एकट्याच राहतात. स्लॅबचं घर, मागं पत्र्याची कोठी, तिच्यात यंदाचं सोयाबीन. शेजारी त्यांचे दीर उकंडराव. माझी खोली त्यांच्या मुलाची, जगनची. आठ वर्षांमागं तो परीक्षेला म्हणून गेला तो आलाच नाही. भांडण नाही, तंटा नाही. हे सांगताना त्यांचं भाकरी थापणं काही थांबलं नाही. मलाच कुठं बघावं कळेना.

आणि खोलीत त्याचा कॉम्प्युटर आहे! पुसून-बिसून, वर प्लास्टिकचं कव्हर घालून ठेवलेला. त्या म्हणाल्या, वापर गं बाई, न्हाईतर उंदरं वायरी खातेत. मी काय, आंधळा मागतो एक डोळा. गेम म्हटलं की मी जेवण विसरते, हे आमच्या अख्ख्या नर्सिंग कॉलेजला माहीत.

बुधवार, १९ नोव्हेंबर

ड्युटीवरून येऊन लाँचर टाकायला बसले. हरीश याला गेमचं कपाट म्हणतो: सगळे गेम त्याच्यात, आणि आपल्या नावानं लॉगिन केल्याशिवाय दार उघडत नाही. जगनचा जुना लाँचर उघडेना, म्हणून तो काढला आणि मोबाईलचं नेट जोडून नवा उतरवायला लावला. शेवटाला आल्यावर मेला असा अडून बसला, की मोबाईल खिडकीच्या गजाला बांधावा लागला. मग डी ड्राइव्हवर बसवला. कॉम्प्युटरसोबत आपोआप सुरू व्हायची खूण काढून टाकली, असला आगाऊपणा मला चालत नाही.

लॉगिनची चौकट आली तर तिच्यात नाव आधीच लिहिलेलं: जगन. पासवर्डही तिथंच साठवलेला. माझं स्वतःचं खातं आहे की, पण त्यात फुकटातले चार गेम. जगनचं कपाट गच्च भरलेलं असणार! हात आपोआप गेला असं लिहिणार होते, पण खोटं कशाला, मीच नेला. खाली ‘मला लक्षात ठेवा’ असं होतं, त्यावर खूण केली. आणि लाईट गेली. सकाळी बघू.

जेवताना पार्वतीबाई वाती वळत होत्या. उद्या अमावस्या, उद्या जगनचं करायचं म्हणाल्या. रीत बारा वर्षं वाट बघायची, पण उकंडरावांच्या पोरीचं लग्न त्याच्यापायी अडलंय, म्हणून भाऊबंदांनी आधीच ठरवलं. देह नाही, तर पळसाच्या पानांचा पुतळा करतात, नारळाचं डोकं लावतात, त्याला त्या माणसाचं नाव देतात आणि ओढ्यावर नेऊन अग्नी देतात. एकदा नाव दिलं की अग्नी द्यावाच लागतो, न्हाईतर नाव घर धरून बसतं, असं त्या म्हणाल्या. मी हातातला घास तसाच धरून बसले.

गुरुवार, २० नोव्हेंबर

लाज. दुसरा शब्दच सुचत नाही.

सकाळी अंगणात माणसं जमली होती. आपण परक्या, मधे कशाला लुडबुडायचं, असं मनाला सांगत मी खोलीत बसले आणि ड्युटीच्या आधी दहा मिनिटं म्हणून जगनच्या नावानं लॉगिन केलं. कपाट उघडलं. काय गेम, काय गेम! कानाला हेडफोन लावून गाड्यांची शर्यत लावली. बाहेर काय चाललंय ते ऐकूच आलं नाही. हेडफोन काढला तेव्हा पार्वतीबाईंची किंकाळी कानावर आली.

पळत गेले. पुतळ्याला नुकतंच नाव दिलेलं. पार्वतीबाई मोबाईल उंच धरून ओरडत होत्या, माझं लेकरू जित्तं हाय! मग कळलं. जगननं कॉम्प्युटर मागितला तेव्हा त्यांनी अट घातली होती, की तू अभ्यास करून राहिलास का खेळून राहिलास ते मला कळलं पाहिजे. म्हणून त्यानं हाच लाँचर आईच्या मोबाईलवर टाकून दिला. त्याच्या नावापुढं हिरवा ठिपका म्हणजे खेळतोय, करडा म्हणजे नाही. तेव्हापासून बाई रोज उठून तो करडा ठिपका बघतात. फोनची काच तडकली तरी फोन बदलला नाही. आज ठिपका हिरवा झाला.

बायामाणसं रडायला लागली. उकंडरावांनी टोपी काढून डोळे पुसले. आणि मी दारात, गळ्यात हेडफोन घालून. मावशी, ती मी होते, एवढंच म्हणायचं होतं. कुणीतरी माझ्या हातावर साखर ठेवली. ती मी खाल्ली.

गुरुजी म्हणत होते, नाव दिलेला पुतळा असा ठेवता येत नाही. पार्वतीबाई म्हणाल्या, जित्त्या लेकराला जाळू काय? शेवटी पुतळा कोठीत सोयाबीनच्या पोत्यांना टेकून उभा केला.

शनिवार, २२ नोव्हेंबर

दोन दिवस सांगीन सांगीन म्हणून राहिले, जीभ उचलत नाही. त्यात आज पार्वतीबाईंनी मोबाईल माझ्याच हातात दिला. तुला यातलं कळतं, त्याला निरोप लिहून दे म्हणाल्या. मी लिहिलं, कुठं हायस, जेवतोस का, आई वाट बघती. मग त्या फोनसमोर बसल्या. जेवल्या नाहीत. साखरेच्या आजाराची गोळी घेतली नाही. डोळे पांढरे व्हायला लागले.

मी नर्स, मला भीती वाटली, म्हणून केलं. नाही, तेही खोटं. त्यांच्या तोंडाकडं बघवेना म्हणून केलं. खोलीत गेले, जगनच्या नावानं लॉगिन केलं आणि लिहिलं: बरा आहे. काळजी नको.

त्यांनी फोन कपाळाला लावला. मग दोन भाकरी खाल्ल्या आणि मलाही जबरदस्तीनं वाढलं. खाल्ल्या घरचे वासे मोजतात म्हणतात, मी तर वासाच काढून नेला. हरीशला हे कळलं तर माझं तोंड बघायचा नाही.

सोमवार, २४ नोव्हेंबर

सांगितलं नाही. त्याऐवजी भित्र्यासारखं एक केलं. जगनच्या खात्यातून बाहेर पडले, लाँचर काढून टाकला, कॉम्प्युटरची वायर भिंतीतून उपटली. ठिपका करडा होईल, बाईंना हळूहळू सवय होईल, माझी सुटका होईल. काय हे डोकं!

ड्युटीवरून आले तर त्या गाणं म्हणत अंगण झाडत होत्या. ठिपका हिरवा. फोन अडकला असेल म्हणून मी बंद करून चालू केला. हिरवा. दुसरं कुणी घुसलं असेल म्हणून माझ्या मोबाईलवरून जगनचा पासवर्ड बदलला.

हिरवाच.

बुधवार, २६ नोव्हेंबर

आज निरोप आला. आई, मी घरीच हाय. काय केलंस जेवायला?

मी लिहिलेला नाही. हरीशची आण.

क्षणभर जीव हलका झाला. जगन खरंच जिवंत असेल, मग मी पापी नाही! आईचं लेकरू सापडल्याचा आनंद नाही झाला मला, माझी चोरी झाकली गेल्याचा झाला. इतकी कशी मी हलकट.

मग खोलीत आले. कव्हर खाली पडलेलं. वायर भिंतीत. पडद्यावर लाँचर उघडा. आणि कीबोर्डवर पानांचा चुरा. पळसाच्या.

शुक्रवार, २८ नोव्हेंबर

पार्वतीबाई कोठीत ताट नेतात. ताट रिकामं येतं.

आज दुपारी त्या पिठाच्या गिरणीत गेल्यावर मी आत डोकावले. पुतळा उभा ठेवला होता. आता पोत्यावर बसलाय. हाताची सुतळी सुटलेली. पानं फाटून — दोन्ही हातांना पाच-पाच —

त्या आल्या तशी पायच धरले. सगळं सांगितलं. साखर, ठिपका, निरोप, सगळं. आज पुतळा जाळा म्हटलं, हात जोडते.

त्या शांतपणे डाळ निवडत राहिल्या. म्हणाल्या, मला ठाऊक व्हतं, तो निरोप तुझाच. माझा जगन आधी जेवायला काय केलं ते इचारतो. पण पोरी, तू त्याच्या नावानं ओ दिलीस, म्हणून त्याला घरची वाट घावली. तुझे लई उपकार हायेत.

मी शरमेनं मेले. आणि भीतीनंही.

शनिवार, २९ नोव्हेंबर

माझ्या मोबाईलवरून, माझ्याच खात्यातून, लाँचरच्या चॅटवर हरीशला लिहिलं, तिथंच तो लगेच बघतो. उद्या मला घ्यायला ये. काहून ते भेटल्यावर सांगते. गाडी घेऊन सकाळी येतो म्हणाला. माझा गुणाचा भाऊ.

उकंडराव आले होते. पोरीच्या सासरचे थांबेनात, नाव दिलंय त्याला अग्नी द्या, म्हणून चिडले. पार्वतीबाई म्हणाल्या, देऊ की. नावालाच अग्नी पायजे ना? उद्या देऊ.

मग माझ्याकडं बघून विचारलं, तू किती येळ बसली व्हतीस गं, त्याच्या नावानं?

घसा कोरडा पडलाय. गिळताना आत काहीतरी खसखसतं.

रविवार, ३० नोव्हेंबर

हरीशचा निरोप. ताई, बरं झालं कळवलंस, जीवात जीव आला. आता निघत नाही मग.

वर सरकवून बघितलं. माझ्या खात्यातून, माझ्या नावानं गेलंय —

बरी आहे. काळजी नको.

माझेच शब्द. माझेच! फोन लावते, उचलत नाही. नवीन लिहिते ते जात नाही.

मीच जाळते पुतळा. काडेपेटी घेतली. आत्ताच. उजेड आहे तोवर.

कोठीत

पुतळा नाही. नारळ तेवढा पडलाय.

बाहेरून कडी लागली.

वही पिशवीत होती म्हणून लिहितेय. मोबाईल खोलीत चार्जिंगला. वाजून राहिलाय — हरीशच असणार — ओरडते, पण आवाज निघत नाही, नुसती खसखस —

वाजायचा थांबला. कुणीतरी उचलला.

आता कीबोर्डचा आवाज. टकटक. मला माहीत आहे काय लिहून राहिलाय.

हरीश, ते मी नाही. त्याच्यावर विश्वास ठेवू नको. हरीश —

पार्वतीबाई दाराशी रडतायत. माफ कर म्हणतात. एका नावाचे दोघं घरात राहत न्हाईत, एकाला द्यावंच लागतं. माझं लेकरू मी कसं देऊ. तूही बसलीस की त्याच्या नावानं.

काडी धरता येईना, पेन कसाबसा मुठीत धरलाय. बोटं — हिरवी शीर दिसते, पानाची —

कडी काढली. उकंडराव आत आले. सरळ माझ्याकडं बघितलं. वैनी, म्हणाले, पुतळा हाय तसाच हाय, पानं अजून कोमेजली न्हाईत.

मला उचलतील. त्याआधी वही पोत्यामागं टाकीन. हरीश, लाज वाटते रे, मी —

हाक मारून राहिल्या. माझ्या नावानं नाही. जगन, चल बाळा. जगन.

ओ देणार नाही. मी निलम. मी निलम. मी नि

पुन्हा हाक —

आणि माझ्या तोंडून ओ