तुम्ही त्या सूर्यफुलांसाठी रडलात

बाबा,

तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमच्याशी भांडायला आता ताकद गोळा करावी लागते. आज लागली नाही. आज ओसाकाहून शिंकानसेनने, इथल्या बुलेट ट्रेनने, परत येताना माझ्या उजव्या हाताच्या नखांत पिवळा रंग होता, ओला, जवसाच्या तेलाच्या वासाचा, आणि शेजारी तुमची नात प्लास्टरमधला हात मांडीवर धरून बसली होती. टोकियोत, निशी-कसाई भागातल्या घरी पोचलो, तिला वरणभात कालवून दिला, ती झोपली, आणि मी हात न धुताच हे लिहायला बसले.

कऱ्हाडच्या शाळेत तुम्ही ड्रॉइंगचे मास्तर होतात. तुमच्या कपाटावर कॅलेंडरमधून कापलेली त्या डच चित्रकाराची सूर्यफुलं चिकटवलेली होती. वर्गाला तुम्ही त्याची गोष्ट सांगायचात. भावाच्या पैशावर जगला, जपानी छापचित्रं भिंतीला लावून त्यांच्याकडून शिकला, वस्तऱ्याने कान कापला. मग आवाज खाली आणून दुसरी गोष्ट. त्याच्या सूर्यफुलांचं एक चित्र जपानमधल्या एका माणसाने विकत घेतलं, ओसाकाजवळच्या आपल्या घरात लावलं, आणि महायुद्धाच्या शेवटी बॉम्ब पडले तेव्हा ते जळून गेलं. इथे तुम्ही रडायचात. शर्टाच्या बाहीने तुम्ही डोळे पुसायचात. सगळा वर्ग तुमच्याकडे बघत राहायचा. मागच्या बाकावरची टारगट पोरंसुद्धा. त्या आगीत माणसं किती जळाली, हे तुम्ही कधी बोलला नाहीत आणि आम्हीही विचारलं नाही.

आणि आपलं स्वयंपाकघर. चित्राच्या मांजरपाटावर लावायचा सरस स्टोव्हवर उकळतोय. आई पातेलं खाली उतरवते, कारण मला शाळेचा डबा हवा आहे. तुम्ही आत येता, बघता, पातेलं उचलता आणि तिच्यावर फेकता. सरस पाण्यासारखा ओघळून जात नाही, बाबा. तो चिकटतो. आईने तो हातावरून ओढला तेव्हा त्याच्याबरोबर कातडी निघाली, मनगटापासून कोपरापर्यंत, आणि तिने ओरडू नये म्हणून पदराचा बोळा तोंडात धरला. दुपारी शेजारच्या काकूंनी विचारलं, "अगं बाई, हे काय करून घेतलंस?" आई हसली. "भजी तळत होते हो, तेल उडालं." आणि मला, आत आल्यावर, हळू आवाजात, "कलावंत माणूस आहे गं. डोकं तापतं त्यांचं." तिच्यासाठी तुमच्या डोळ्यांत पाणी मी पाहिलं नाही. कापडावरचं एक चित्र परदेशात जळलं, तुमच्या जन्माच्याही आधी, त्यासाठी मात्र दरवर्षी, नव्या वर्गापुढे.

तुम्ही मला शिकवलंतही, हे नाकारत नाही. इंटरमिजिएटच्या परीक्षेची तयारी, समोर पितळी तांब्या आणि लिंबं. मी सावलीत काळा रंग भरला. लाकडी पट्टी माझ्या बोटांवर मोडली. "सावली काळी नसते, कार्टे! डोळे फुटलेत का? पिवळ्याच्या शेजारी जांभळा शोध!" सुजलेल्या बोटांनी मी शोधला. तेव्हापासून तो मला सगळीकडे दिसतो.

पुढे मी ब्रश टाकला आणि माइक धरला. वक्तृत्व स्पर्धांत, सभांत, इथल्या मराठी मंडळातही मी गरजून सांगत आले की वेडाशिवाय कला नाही हे आळशी आणि क्रूर माणसांनी उठवलेलं खोटं आहे. त्या चित्रकाराची पत्रं वाचा. मी वाचली, सगळी. तुम्ही नुसता कान ऐकला होतात. पत्रांत पानोपानी काम आहे. कोणता रंग संपला, वाऱ्यात चित्र कसं उभं करायचं, बटाटे खाणाऱ्या माणसांचे हात कसे काढायचे. आजार त्याला काम करू देत नाही म्हणून तो तळमळतो. झटका यायचा तेव्हा आठवडेच्या आठवडे वाया जायचे. चित्रं बऱ्या दिवसांची आहेत. माझ्या या भाषणांना टाळ्या पडायच्या. आणि त्या टाळ्या ऐकत मोठी झालेली माझी मुलगी ओसाकात नोकरीला गेली आणि एका चित्रकाराबरोबर राहू लागली. पुण्याचा मुलगा, चित्रकला शिकायला आलेला.

हात मोडल्याचं तिने फोनवर सांगितलं. "सायकलवरून पडले. दाइजोबु, ठीक आहे मी, आई, काही नाही." मला भज्यांचं तेल ऐकू आलं. सकाळचीच गाडी पकडली. दार तिने उघडलं. प्लास्टरच्या वर, दंडावर, कडेला पिवळं आणि आत जांभळं. तुम्ही शिकवलेली जोडी.

"बॅग भर," मी म्हटलं.

"आई, प्लीज. त्याचं प्रदर्शन आहे. टेन्शनमध्ये असतो."

तो आतून आला, हाताला रंग, गोड आवाज. "काकू, चहा घ्या ना. तुम्ही एवढं वाचलंय, तुम्ही तरी समजून घ्या. आमच्यासारख्यांचं असंच असतं. त्या सूर्यफुलंवाल्याने तर कान कापला."

"स्वतःचा," मी म्हटलं. "स्वतःचा कापला रे. दुसऱ्या कुणाचा हात नाही मोडला."

त्याचा आवाज बदलला. "ती कुठे जाणार नाही." त्याने तिचं प्लास्टर मुठीत धरलं आणि पिरगाळलं. ती किंचाळली. आयुष्यभर सभा जिंकणाऱ्या मला एक शब्द सापडला नाही. टेबलावर कागद कापायचा कटर होता. तो मी उचलला आणि त्याच्या अंगावर गेले नाही. ईझलवर त्याचं चित्र होतं, मोठं, नुकतं संपलेलं. वरपासून खालपर्यंत फाडलं. आडवं फाडलं. लोंबणाऱ्या चिंध्या हाताने ओढल्या. आणि त्याने तिचा हात सोडला. सोडलाच, बाबा, क्षणात, आणि चित्राला मिठी मारून रडू लागला, अगदी तुमच्यासारखा.

गाडीत ती माझ्या नखांतला पिवळा रंग बघत होती. मग म्हणाली, "तो सोडेल हे तुला कसं माहीत?"

"घरीच शिकले."

ती रडली नाही. चांगल्या हाताने तिने फोन काढला, त्याचा नंबर ब्लॉक केला आणि मला दाखवला, लहानपणी गृहपाठ दाखवायची तसा.

हे पत्र कुठे टाकणार? उद्या ओल्या कचऱ्याचा दिवस आहे, कागदाचा नाही, म्हणून ते ड्रॉवरमध्येच राहील. मला पश्चात्ताप नाही. पुन्हा वेळ आली तर पुन्हा फाडीन. जगातलं कुठलंही चित्र एका हाडापेक्षा मोठं नाही, हे मी कुठल्याही व्यासपीठावर सांगेन. एवढं मात्र तिथे सांगणार नाही, तिलाही सांगितलं नाही, तुम्हालाच सांगते, कारण हे बघायचे डोळे तुम्ही दिलेत.

चित्र चांगलं होतं, बाबा. त्याच्या सावल्या काळ्या नव्हत्या.