श्वास तेवढा माझा

बाबा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी एक गोष्ट विचारायची राहिली आहे. त्या सिनेमातल्या गाण्यात माझा श्वास तुम्ही का ठेवलात?

गोव्यात, पेडण्याजवळच्या पार्शे गावातल्या आपल्या घरात तुमची खोली स्वयंपाकघराला लागून. निम्मं आयुष्य जत्रेतल्या मराठी नाटकांना चाली दिल्यात, मग सिनेमांचे आवाज जुळवू लागलात. आई मासे तळायला लागली की टेपवर चुरचुर येते म्हणून तुम्ही आतून ओरडायचात, "अगो, ती कढई मातशी थांबय!" शाळेत जायच्या आधी मी तुमच्याकडेच शिकले: टेप ब्लेडनं तिरकी कापायची, आणि गाणाऱ्याचा श्वास कधी कापायचा नाही.

गोव्याची भाषा मराठी की कोंकणी यावरून म्हापशाच्या बाजारातसुद्धा माणसं भांडत होती, तेव्हा तुम्हाला तो कोंकणी सिनेमा मिळाला. त्यातलं गाणं माझ्याकडून गाऊन घेतलंत. मी प्रत्येक शब्दाला थांबून विचारत होते, हा उच्चार चालेल ना? "घरांत उलयता तशेंच गाय, बाय," तुम्ही म्हणालात. मी तसंच, घरी बोलते तसं गायले.

थेटरात दुसऱ्याच बाईचा आवाज आला. मी तुमच्याकडे पाहिलं; तुम्ही पडद्यावरून नजर काढली नाहीत. बाहेर आल्यावर एवढंच म्हणालात, "सिनेमावाल्यांना पेडण्याची बोली नको होती." बाबा, आवाज गेल्याचं मी सोसलं असतं. पण ज्या बोलीत तुम्ही मला गायला लावलंत, तिच्या बाजूनं तुम्ही एक शब्द बोलला नाहीत. मला आधी सांगितलंही नाहीत. आणि अंतऱ्याआधी, त्या बाईच्या सुराला चिकटवलेला, नाकात किंचित शिट्टी वाजणारा श्वास माझा होता. तुमच्या हातून चुकून काही राहत नसे. श्वासाला पेडण्याची बोली नसते, म्हणून तो चालला.

सिनेमा पाहून शेजारीण म्हणाली होती, "हो बायचो आवाज न्हय गो." आई तिच्यावरच उसळली, "तुका कितें कळता? फिल्मात आवाज असोच गोड जाता!" तुम्ही जेवत राहिलात.

आता मीही तुमचंच, सिनेमांचे आवाज जुळवायचं काम करते. कुणाचा आवाज बदलायचा असेल, तर आधी तिला बोलावून सांगते. मग रात्रभर वाटत राहतं, नीट सांगितलं ना?

आई अजून तो आवाज माझाच समजते, पाहुण्यांसमोर त्या गाण्याची कॅसेट लावायला सांगते. मी लावते. हे पत्र तिला वाचून दाखवणार नाही. अंतरा जवळ आला की मी हातातलं काम सोडून थांबते, बाबा, आणि तो श्वास पुन्हा घेते.