टब भरून ठेवला आहे

प्रिय घारे,

तुझी चिठ्ठी आल्यापासून या घरात कुणाचंच डोकं ठिकाणावर नाही. तीन वर्षांनी तू येणार, तेही पाच महिन्यांच्या नातीला घेऊन! तुझी आई दिवसातून चार वेळा तेच कपाट आवरते आणि मला म्हणते, तुम्ही मध्ये लुडबुडू नका. म्हणून मी न्हाणीघर हाती घेतलं. आपल्या टबाच्या आणि भिंतीच्या सांध्यातलं सिलिकॉन काळं पडलं होतं, पाणी आत मुरायचं, भिंत ओली ती ओलीच. अशा ठिकाणी तान्ह्या बाळाला अंघोळ घालायची? छे. येत्या शनिवारी नात त्या टबात पाय आपटणार, तोवर सांधा पक्का व्हायलाच हवा, एवढं एकच मनात धरून मी गेल्या शनिवारी सिलिकॉनची नवी नळी घेऊन आलो.

आता माझी फजिती ऐक. नळीवर लिहिलेलं मी वाचलं, पण मला हवं तेवढंच. अर्ध्या तासात वरून वाळतं, हे वाचलं. पाणी चोवीस तासांनी, ही ओळ बारीक अक्षरात होती. अर्ध्या तासाने बोट लावलं, चिकटलं नाही, लगेच टब भरला. सकाळी पाहतो तर सांधा या टोकापासून त्या टोकापर्यंत फाटलेला. तीस वर्षं छापखान्यात काढलेल्या माणसाला हे कळू नये? शाई वरून वाळलेली दिसली म्हणून चळत रचली की कागदाला कागद चिकटतो, हे मी नव्या माणसांना किती वेळा सांगितलंय. रविवारी त्या फाटक्या थरावरच दुसरा थर दिला, दार-खिडकी लावून हीटर चालू केला आणि आईचा केस वाळवायचा ड्रायर धरून तासभर उकिडवा बसलो. तुझी आई दारातून म्हणाली, एवढी सेवा देवाची केली असती तर एव्हाना तो समोर येऊन उभा राहिला असता. या वेळी चोवीस तासही थांबलो. तरी टब भरल्यावर दोन्ही थर सुटले, आणि ओढल्यावर सगळी पट्टी साल निघावी तशी हातात आली.

मंगळवारी सकाळी देवापुढे बसलो, पण लक्ष लागेना. डोळे मिटले की सांधाच दिसायचा. मनात एका माणसाचं नाव येत होतं आणि मी ते परतवत होतो. शेवटी उठलो आणि जावईबुवांच्या नळदुरुस्तीच्या दुकानात फोन लावला. मी बोलतोय, घारीचे बाबा, एवढंच म्हटलं. मग त्यांनी हळूच विचारलं, घरी सगळे बरे ना? मी म्हटलं, सगळे बरे आहेत, टब गळतोय.

ते हसले नाहीत गं. सांधा किती रुंद आहे, जुनं सगळं खरवडलं का, लावताना टब रिकामा होता का, असं एकेक विचारत गेले. रिकामाच होता की! ते म्हणाले, भरल्यावर टब वजनाने केसभर खाली बसतो आणि सांधा ताणला जातो, म्हणून आधी टब भरायचा, मग सांधा भरायचा, आणि पक्का होईपर्यंत पाणी तसंच राहू द्यायचं. जुन्याचा कणसुद्धा ठेवायचा नाही, नवं त्याला धरत नाही. आणि तो हीटर? सिलिकॉन हवेतला ओलावा घेऊन पक्कं होतं, कोरड्या हवेत उलट रेंगाळतं. पन्नाशीला आलो, तरी मला वाटायचं, वाळणं म्हणजे ओल जाणं. मी हो का, हो का करत पाठकोऱ्या कागदावर सगळं उतरवून घेतलं. तुमचा सांधा बोटभर रुंद आहे, म्हणाले, एका दिवसात भागायचं नाही, तीन दिवस द्या. व्हिनेगरसारखा आंबूस वास येतोय तोवर आतलं कच्चं आहे असं धरा. फोन ठेवताना म्हणाले, "बाबा, आता शनिवारपर्यंत हात लावू नका." बाबा म्हणाले मला.

काल सकाळी पात्याने सगळं खरवडलं, काठ पुसून कोरडा केला, टब भरला आणि सांध्यात सिलिकॉनची रेघ एका दमात ओढली. आज दुसरा दिवस. आम्ही दोघं मागच्या मोरीत बादलीने अंघोळ करतोय. आई विचारते, हे पाणी काय माशांसाठी राखलंय? मी दर तासाला जाऊन नाक लावतो. वास कमी होतोय, घारे, नक्की कमी होतोय.

पण हे सांगायला मी कागद घेतला नव्हता. तू लिहिलंस, मी आणि बाळ येतो, त्यांना काम आहे. फोनवर मी विचारलंच, खरंच काम आहे का? ते म्हणाले, "काम नाही. पण तुम्ही स्वतः तिला मला आणायला सांगेपर्यंत मी यायचं नाही, असं तिनं सांगितलंय." बरोबर सांगितलंस. तीन वर्षांपूर्वी ते पहिल्यांदा घरी आले तेव्हा मी सगळ्यांदेखत म्हणालो, लोकांच्या मोऱ्या उपसणारा माणूस माझ्या शेजारी जेवायला नको. म्हणणाऱ्याच्या स्वतःच्या नखांत शाई होती. ते चपला घालून निघाले आणि त्यांच्यामागून तू. तेव्हापासून मी रोज देवाकडे क्षमा मागतोय. तुम्हा दोघांकडे एकदाही मागितली नाही. माझं चुकलं. त्यांना हे फोनवर नाही, तोंडावर सांगायचं आहे, म्हणून म्हणतो, त्यांना घेऊन ये. मामा आज दुपारी तुमच्याकडे निघालाय, ही चिठ्ठी त्याच्याच हाती देतोय. तुझं मन होत नसेल तरी तू आणि बाळ याच, मी रागावणार नाही. फक्त त्याच्याकडून एवढा निरोप पाठव, शनिवारी ताटं तीन की चार? तुझ्या आईला मी चार सांगून बसलोय.

तुझाच, निरोपाकडे कान लावून बसलेला,
बाबा