मुहन्नदची लाइन

३ जुलै, सकाळी साडेआठ. रिलेच्या काचेवरची धूळ पुसत होतो. अमारा शहराजवळच्या या वीज उपकेंद्रात आज रुजू झालो. इथले प्रमुख हाजी रज्जाक. वाळल्या लिंबाचा चहा पाजून म्हणाले, पोरा, पंखा तुझ्याकडे फिरवलाय, आता हिशोब चुकला तर उकाड्यावर ढकलू नकोस. काम आवडीचं आहे. बिघाड झाला की जवळच्या रिलेने आधी लाइन तोडायची, मागच्याने क्षणभर थांबायचं. तो क्षण किती, हे मला हिशोबाने काढायचं आहे.

५ जुलै. सगळं जुळलं, फक्त चार नंबरची लाइन नाही. रोज दुपारी जमिनीत थोडा प्रवाह गळतो आणि रिले लाइन तोडतो. प्रवाह अगदी थोडा, एखादा माणूस तारेला चिकटावा एवढाच. म्हातारे लाइनमन अबू मुहन्नद यांच्याबरोबर सगळे खांब पाहिले. कुठे फांदी नाही, पतंग नाही. एका खांबाखाली ते डोक्याचा रुमाल काढून उभे राहिले. मला म्हणाले, तू हो पुढे.

६ जुलै. लाइन तुटते म्हणून वस्तीतून दिवसभर फोनवर शिव्या. हाजी म्हणाले, उन्हाळ्यात गळतीचा रिले बंदच ठेवतात, सगळीकडे हेच चालतं. नाहीतर अख्खी वस्ती माझ्या दारात येऊन झोपेल, बायको कुणाकुणाला जेवू घालेल? संध्याकाळी अबू मुहन्नद आले. गेल्या उन्हाळ्यात रिले असाच बंद होता, तेव्हा त्यांचा मुलगा मुहन्नद त्या खांबावर तारेला चिकटला. लाइन तुटलीच नाही. आता रोज रिले पडून लाइन तुटली की तो सुटतो, म्हणाले. माझा हात सोडेनात. बंद करू नकोस बाळा, सुटू दे त्याला.

७ जुलै. हाजींनी सक्त हुकूम केला. माझी नोकरी नवी. बंद केला.

दुपारी गळती दाखवणाऱ्या मीटरचा काटा चढला. रिले गप्प. काटा तिथेच.

८ जुलै. काटा अजून उतरलेला नाही. अबू मुहन्नद खांबाला कान लावून बसलेत. पाणीसुद्धा घेत नाहीत. म्हणतात, ओरडतोय. मला काही ऐकू — नाही. काही नाही.

९ जुलै. अबू मुहन्नद वर चढले. मी धावत उपकेंद्रात येऊन हाताने लाइन तोडली. वस्तीतले पंखे थांबले. तारेत आता वीज नाही, दोनदा तपासलं. तरी काटा —

दुप्पट झाला. रिले चालू केला. पडत नाही.

खिडकीतून खांब दिसतो. दोन्ही हातांनी त्यांनी कुणाला तरी मिठी — मी हाक मारली. त्यांनी मान वळवली नाही. वळून पाहिलं ते मिठीतल्याने —