थळ ते अँटवर्प

११ जानेवारी १९२०, रविवार. थळ.

आजपासून रोजनिशी. वाचणार कोणी नाही, पण पुढे लोक विचारतील, सुरुवात कशी झाली? तेव्हा तपशील हाताशी हवा.

काल हेडमास्तरांनी शाळेत वर्तमानपत्र वाचून दाखवले. यंदा युरोपात, बेल्जम देशातल्या अँटवर्प गावी, ऑलिंपिक भरणार. जगभरचे खेळाडू. आणि हिंदुस्थानचा संघ पहिल्यांदाच जाणार! धावणारे आणि पैलवान. धावण्याची ट्रायल एप्रिलात, पुण्याला.

कोणाला काही बोललो नाही. पण तिसरीच्या वर्गाकडून पाढे म्हणवून घेता घेता ठरून गेले. मी जाणार.

वय चौतीस. ते आड येत नाही. खरा स्टॅमिना पोक्तपणीच येतो.

१२ जानेवारी.

पहाटे उठून प्रॅक्टिस करायची होती. उठलो नाही. शरीराला एकदम धक्का देऊ नये.

१४ जानेवारी.

किनाऱ्यावर प्रॅक्टिस. मासळी वाळत घालणाऱ्या बायकांनी विचारले, "मास्तर, कोन मागं लागलाय?" कोणी नाही म्हणालो. तेवढ्यात कुत्री लागली. वेग चांगलाच वाढला. कुत्र्यांचा पुढेही उपयोग होईल.

१८ जानेवारी.

आत्मविश्वास कशाच्या जोरावर, ते एकदा लिहून टाकतो. पुन्हा लिहायचे नाही.

सव्वा वर्षापूर्वी तापाच्या साथीत आमची गोदू आजारी पडली. एकुलती मुलगी, पाच वर्षांची. दुपारी तिला धाप लागली. मी थळहून अलिबागला डॉक्टरांकडे धावत गेलो, औषध घेऊन धावत परत आलो. कुठे थांबलो नाही. पोचलो तेव्हा गोदू गेली होती.

दुसऱ्या दिवशी होडीवाला सदा सगळ्यांदेखत म्हणाला, "मास्तर धावला तसा दुसरा कोन धावला नसता." सदा उगाच गोड बोलणारा माणूस नाही. तेव्हा वेग सिद्धच आहे. पुण्याच्या लोकांनी फक्त घड्याळ लावून पाहायचे. अख्ख्या हिंदुस्थानातून मला निवडले, की माझ्याआधी कोणी पोचू शकला नसता हे ठरेल. कायमचे.

केसर सध्या पालीला, माहेरी. हवापालटासाठी. गेल्या श्रावणात गेली. पालीची हवा चांगली आहे.

२ फेब्रुवारी.

आजपासून मासळी बंद. दूध आणि भिजवलेले हरभरे.

३ फेब्रुवारी.

सदाकडे जिताड्याचे कालवण होते. नको म्हटले असते तर त्याला वाईट वाटले असते. माणसे तोडून ऑलिंपिकला जाण्यात अर्थ नाही. दोनदा भात घेतला.

१५ फेब्रुवारी.

आज अलिबागच्या रस्त्यावर बैलगाडीला मागे टाकले. गाडीचे चाक काढून ठेवले होते हे खरे, पण मागे टाकली ती टाकली.

वरसोलीच्या अलीकडे कुशीत कळ आली. बांधावर बसलो. त्या दिवशी अशी कळ आली नव्हती. बहुतेक हरभऱ्यांमुळे. हरभरे बंद.

२२ फेब्रुवारी.

सदाने मुंबईहून कॅनव्हासचे बूट आणले. तंग होतात. ताणतील.

७ मार्च.

शेजारची ठमाबाई पालीकडे लग्नाला गेली होती. केसरला भेटून आली. निरोप आणला: चैत्रातल्या संकष्टीला मास्तरांनी यायचेच. गोदूचे वाळे बल्लाळेश्वराला वाहायचे आहेत, "मला एकटीला जमायचं न्हाय."

संकष्टी सात एप्रिलला. ट्रायलही सातलाच. काय करणार? संकष्टी दर महिन्याला येते. हिंदुस्थान ऑलिंपिकला पहिल्यांदा जातोय. केसर समजूतदार आहे. ठमाबाईला म्हटले, उलट निरोप धाड, वैशाखात येतो. ठमाबाई म्हणाली, "मास्तर, ती पोर रडून सांगत व्हती." मी म्हटले, निवड झाली की स्वतः जाऊन सांगेन, मग रडणार नाही.

बेल्जमात लेस उत्तम मिळते म्हणतात. तिच्या चोळ्यांसाठी आणीन.

२१ मार्च.

बेल्जमात फ्रेंच बोलतात, असे हेडमास्तर म्हणाले. मला त्यांनी ‘मर्सी’ हा शब्द दिला. अर्थ आभार. पारितोषिक घेताना पुरेसा आहे.

संध्याकाळी खडकावर उभा राहून आभाराचे भाषण समुद्राला म्हणून दाखवले. ‘माझी पत्नी’ या शब्दाशी अडखळलो. ते वाक्य बदलायचे.

५ एप्रिल. मुंबई.

लीव्ह मिळाली. रेवसहून बोटीने आलो. बोटीत उलटी झाली. पुढे युरोपापर्यंत समुद्रच आहे. सवय होईल.

रेवसला सदा पोचवायला आला होता. म्हणाला, "मास्तर, पालीला जावा. पुन्याला तुमचं कोन हाय?" मी हसलो. त्याला ऑलिंपिक नीट समजावून सांगायचे राहूनच गेले आहे.

७ एप्रिल, बुधवार. पुणे.

मैदान फार मोठे. सातारा, बेळगावकडची पोरे, बहुतेक अनवाणी. नाव पुकारले, बाळाजी, मुक्काम थळ, जिल्हा कुलाबा. ऐकून बरे वाटले.

सुरुवात उत्तम. मी सर्वांच्या पुढे होतो. पहिल्या वळणापर्यंत.

मग ती सगळी निघून गेली. पाठी दिसत होत्या, मग धूळ दिसत होती.

शेवटचा आलो असे म्हणता येणार नाही. एक जण माझ्यामागे होता. तो पाय मुरगळून झाडाखाली बसला होता.

पोचलो तेव्हा माणसे दोऱ्या गुंडाळत होती. घड्याळवाल्या गृहस्थांना माझा टाइम विचारला. त्यांनी आधी मला पाणी दिले. मग म्हणाले, घड्याळ केव्हाच बंद केले.

कारणे: ऊन. बूट. पुण्याचे पाणी.

संध्याकाळ.

ती कारणे नव्हेत. ती पोरे बोलत बोलत धावत होती. त्यांच्यातला कोणीही अलिबागहून माझ्याआधी आला असता. कोणीही. तो मुरगळलेल्या पायाचासुद्धा.

९ एप्रिल. पाली.

पुण्याहून खोपोलीपर्यंत गाडी, पुढे चालत. सासरे अंबाजी ओट्यावर बसले होते. माझ्या पायांकडे पाहून म्हणाले, "आत हाय ती."

केसर तांदूळ निवडत होती. वाळे परवाच वाहिले म्हणाली. एकटीने.

मी सगळे सांगून टाकले. ऑलिंपिक, पुणे, ती पोरे. म्हटले, केसर, मी वेगवान नाही. दुसरा कोणी धावला असता तर औषध वेळेवर आले असते.

तिने सूप खाली ठेवले. म्हणाली, "तुमी अंगनातून बाहेर पडला आनि ती गेली. वळनावर पन पोचला नसाल."

मी म्हटले, काय?

"मी हाका मारल्या. लई हाका मारल्या. तुमी मागं बघितलं न्हाय. तुमी येईस्तवर मी एकटी बसलेली, तिला मांडीवर घेऊन."

मग इतके दिवस का सांगितले नाहीस, विचारले.

"समदी म्हनत व्हती, मास्तर काय धावला. तुमच्याजवळ तेवढंच व्हतं. ते कसं काढून घेऊ?" मग सूप परत हातात घेतले. "परवा पन वाटलं व्हतं, याल. देवळाच्या पायरीवर दुपारपर्यंत बसले."

मी तिच्यासमोर बसून तांदळातले खडे काढत राहिलो. तिने ऊठ म्हटले नाही.

११ एप्रिल, रविवार.

उद्या शाळा. सकाळी केसरला म्हटले, चल घरी. म्हणाली, "त्या घरात माझ्यानं ऱ्हावनार न्हाय." पुन्हा विचारले नाही.

गावाच्या वेशीपर्यंत ती पोचवायला आली. पाय सुजले आहेत असे सांगून मी हळू चाललो. तिनेही घाई केली नाही. वाटेत एका आंब्याखाली थांबलो. यंदा कैऱ्या बऱ्या धरल्यात, असे मी म्हटले. ती हो म्हणाली. थोडे पुढे जाऊन विहिरीपाशी थांबलो. तहान नव्हती, तरी पाणी प्यालो.

वेस आलीच शेवटी.