रुथफुल या शब्दाबद्दल

नांदेड,
१८ जानेवारी २०२५

प्रिय सबिहा बेटी,

खूप दुआ. इकडे सर्व खैरियत आहे, असं सवयीने लिहून गेलो. खैरियत नाही.

लातूरला थंडी असेलच. क्लासमधली मुलं तुझ्याकडून इंग्रजी शिकतात, की नुसते मार्क मोजतात?

असो. मुद्द्याचं लिहितो. नवरा सोडून तू लातूरला राहिलीस, म्हणून मी तुला घर बंद केलं. नोव्हेंबरात तुझं इंग्रजी पत्र आलं. आजारी अम्मीला एक दिवस भेटू द्या, एवढंच मागणं होतं. मी लाल शाईने सहा चुका काढून ते परत पाठवलं. उत्तराची एक ओळ नाही. मास्तरकी कुठे करावी याचं भान मला कधीच नव्हतं.

तू लिहिलं होतंस, 'अब्बा, बी रुथफुल.' मी रेघ मारून शेरा दिला, असा शब्द नाही.

आहे. परवा कपाटातली जुनी जाड डिक्शनरी काढली. रुथलेस, म्हणजे निर्दय, सगळ्यांना येतो. रुथफुल, म्हणजे दयेने भरलेला, वापरातून गेला. त्याच्यापुढे तुझी शाळेतली पेन्सिलची खूण आहे. मूळ शब्द 'रू', म्हणजे हळहळणं, पस्तावणं. म्हणजे आधी पस्तावा आणि त्यातून दया, असं मी समजलो. मला पस्तावाच उशिरा आला, बेटी.

अम्मी रोज विचारायची, "पोरीचं काई पत्र आलं का हो?" मी नाही म्हणायचो. शेवटच्या सकाळी म्हणाली, "लई रागावली असंल माझ्यावर. पत्र बी न्हाई."

हो. अम्मी गेली. बावीस डिसेंबरला. तुला कळवायची हिंमत झाली नाही. नातेवाइकांना सांगितलं, सबिहाला कळवलंय, सुट्टी मिळत नाही म्हणते. लोक तुला नावं ठेवत होते आणि मी मान खाली घालून ऐकत होतो.

तीस तारखेला अम्मीचा चाळिसावा, चाळिसाव्या दिवसाची दुआ आहे. ये. तू येण्याआधी मी सगळ्यांना खरं काय ते सांगेन. माझं तोंड पाहायचं नसेल तर तू असेपर्यंत मशिदीत बसेन. माझ्यावर दया कर, असं मागायचं तोंड मला नाही. तिची लेक म्हणून ये.

पत्र आलं होतं हे तिला न सांगितलेला,
तुझा अब्बा
महेबूब